वळचण जरा पुढे घ्या

बाबांनी वर्तमानपत्र बंद केलं ते एका शब्दापायी. कुठल्याशा पुढाऱ्यानं पक्ष बदलला होता आणि मोठ्या अक्षरांत छापून आलं होतं, की साहेब आता सत्तेच्या वळचणीला. बाबांनी चष्मा काढला, पुसला, परत घातला, पुन्हा वाचलं आणि दुसऱ्या दिवशी पेपरवाल्याला दारातच गाठलं. "उद्यापासून टाकू नकोस. वळचण म्हणजे काय हे ज्यांना ठाऊक नाही, त्यांनी मला जगाच्या बातम्या सांगू नयेत."

पेपरवाला बिचारा भोळा. त्यानं विचारलं, "म्हणजे काय असतं हो, काका?" झालं! त्या दिवशी पुढच्या गल्लीला सकाळचा पेपर दुपारी मिळाला म्हणतात.

माझे बाबा म्हणजे कौलं घालणारा कारागीर. जन्म छपरांवर गेला. जमिनीवरच्या माणसांशी त्यांचं फारसं कधी जमलं नाही, पण छपराच्या प्रत्येक भागाशी त्यांचं सख्खं नातं, आणि त्यातही वळचण म्हणजे लाडकी लेक. मी दुसरी. छप्पर भिंतीवर संपत नाही, भिंत ओलांडून थोडं पुढे येतं. ती पुढे आलेली कड म्हणजे वळचण. आणि तिच्याखाली जी कोरडी पट्टी राहते, तिलाही वळचणच म्हणायचं. हल्ली कुणी शेड म्हणतं, कुणी छज्जा म्हणतं, इंजिनिअर लोक प्रोजेक्शन म्हणतात. बाबांसमोर म्हणून बघा. "बिनवळचणीचं घर म्हणजे बिनभुवयांचा माणूस," ते म्हणतात, "घाम सरळ डोळ्यांत!" नव्या इमारतींच्या त्या चपट्या, सरळ भिंती दिसल्या की ते मान फिरवतात. एखादा माणूस उघडा रस्त्यावर आल्यासारखं त्यांना वाटतं.

लहानपणी मला इतर मुलांसारख्या गोष्टी ऐकायला मिळाल्या नाहीत, वळचणच ऐकायला मिळाली. खुरपं, दोरी, फणी, घराची किल्ली, सगळं वळचणीला खोचायचं. चिमणीनं घरटं केलं तर काढायचं नाही. पावसात अडकलेला परका माणूस वळचणीखाली उभा राहिला तर 'कोण रे तू' म्हणून विचारायचं नाही. परीक्षेचा निकाल मी दप्तरात दडवून ठेवला की ते आपले शांतपणे म्हणायचे, "आढ्याचं पाणी वळचणीला येणारच, बये." आढं म्हणजे छपराचा वरचा कणा. तिथं पडलेलं पाणी कितीही वेळ लावो, शेवटी खालच्या कडेनंच गळतं. निकालही गळायचाच. मग पाठीत धपाटा.

पण हाच लाडका शब्द ते शिवीसारखाही वापरायचे. कुणी भावाच्या जिवावर जगत असेल, कुणी साहेबाच्या पुढेपुढे करत असेल, तर बाबा ओठ मुडपून म्हणायचे, "राहतोय वळचणीला." त्यांच्या कोशात याहून वाईट काही नव्हतं. "मी गावभर लोकांना वळचणी बांधून दिल्या. स्वतः कुणाच्या वळचणीला उभा राहिलो नाही," हे वाक्य आई गेल्यावर तर त्यांच्या तोंडी फारच यायला लागलं.

आणि नेमका त्याच माणसाला घरमालकानं खोली सोडायला सांगितली. इमारत पाडायची होती. बाबांचा गुडघा तेव्हाच कामातून गेलेला. छपरावरून पडले नाहीत कधी, मोरीतल्या पाटावरून घसरले! ही गोष्ट मी कुणाला सांगितलेली त्यांना चालत नाही, म्हणून इथे लिहिते आहे.

मी रक्त काढते. म्हणजे तपासणीच्या प्रयोगशाळेत, नोकरी आहे माझी. आमचे हे म्हणतात, हिला त्याचा पगार उगाच देतात, ही ते आवडीनं करते. असो. मी तशीच ड्युटी संपवून बाबांच्या खोलीवर गेले आणि म्हटलं, "सामान बांधा, घरी चला."

"कुणाच्या घरी?"

"माझ्या."

"म्हणजे जावयाच्या वळचणीला."

"अहो, जावई तुम्हाला घाबरतो! तुम्ही आलात की उभा राहतो तो."

"मग तर नकोच. घाबरणाऱ्याच्या वळचणीला कोण जातं?"

मी चिडले, ओरडले, दार आपटलं, परत आत येऊन पुन्हा आपटलं. ते ढिम्म. खोलीत अर्ध्या भिंतीपर्यंत जुनी कौलं रचलेली होती, पाडलेल्या घरांतून वेचून आणलेली, आणि त्यांच्या बाजूला वासे. त्या ढिगाला टेकून बसून ते म्हणाले, "मी बघून आलोय एक जागा. वृद्धाश्रम आहे. बरी माणसं आहेत."

"कसली इमारत आहे?" मी विचारलं.

"स्लॅबची."

"वळचण?"

"नाही," बाबा म्हणाले. मग जरा थांबून, "तरी चालेल."

माझ्या लग्नाचं ठरत असताना छपराची कड आखूड दिसली म्हणून हा माणूस चहा न घेता उठायला निघाला होता. तो म्हणतोय तरी चालेल! मला भीती वाटली. खरीखुरी भीती, बाप हातचा चालला अशी.

घरी येऊन मी सासूबाईंसमोर रडले. आता सासूबाईंची ओळख करून द्यायला हवी. बाई म्हणजे लवंगी मिरची. बाबांचं आणि त्यांचं पहिल्या भेटीतच बिनसलं होतं. स्वयंपाकघराच्या मागच्या छपराकडे बघून बाबांनी विचारलं होतं, "हे कुणी घातलंय?" घातलं होतं माझ्या सासऱ्यांनी, स्वतःच्या हातानं, आणि ते तेव्हा हयात होते, समोरच बसले होते. सासरे हसले. सासूबाई अजून हसलेल्या नाहीत. तर स्वयंपाकघरात, जिथं त्या रात्री निजतातही, मी रडतेय आणि त्या लसूण सोलतायत. सगळं ऐकून म्हणाल्या, "त्यांना निरोप दे. स्वयंपाकघराच्या मागच्या भिंतीला ओल आलीय. वळचण आखूड पडते म्हणावं."

"आई, ती ओल मी लग्न होऊन आले तेव्हापासून आहे!"

"मग आतापर्यंत किती वाढली असेल बघ."

बाबा दुसऱ्या दिवशी सकाळी हजर. बरोबर त्यांचा जुना जोडीदार. याला सगळे बोलघेवडा म्हणतात, कारण तो वर्षातून एखाददुसरं वाक्य बोलतो. बाबांनी काठीनं भिंत ठोकली, वर बघितलं, जीभ टाळ्याला लावून च्यक् केलं आणि चेहरा असा फुलला की विचारू नका. "मी तेव्हाच म्हणालो होतो, विहीणबाई."

मी श्वास रोखून उभी. आता भांडी उडणार! पण सासूबाई म्हणाल्या, "म्हणाला होतात खरं, व्याहीबुवा. चूक झाली."

मी त्यांच्या कपाळाला हात लावून बघणार होते, ताप वगैरे आहे की काय.

बाबांनी एकच अट घातली. सामान त्यांचं. टेंपोत घालून कौलं आणि वासे आमच्या परसात आले. मग काम सुरू झालं. बाबा खुर्चीत, बोलघेवडा छपरावर, आणि सुट्टीच्या दिवशी कौलं वर द्यायला मी. लहानपणी शिडीला हात लावला तरी ओरडणारे बाबा आता खालून सांगत होते, "कौलाच्या पोटावर पाय देऊ नकोस, खाली लाकडाची आडवी रीप आहे तिथं दे. हं! बघा बघा, पोरगी चढली!" मी पडले असते तरी चाललं असतं, इतका मला आनंद झाला होता. आमचे हे मात्र आतूनच विचारत होते, उतरली का? स्टुलावर चढून दिवा बदलतानाही त्यांचे पाय लटपटतात.

पहिल्या काही दिवसांत बाबा स्वतःचा डबा आणायचे. मग चहा घ्यायला लागले. मग एकदा आमटीचा वास आला आणि त्यांनी जाहीर केलं, "काम चालू आहे त्या घरी कारागिरानं जेवलं तर ते पाहुणचारात धरत नाहीत." कोण धरत होतं?

वळचण हातभर पुढे आली. देखणी झाली. बाबा उठायला लागले तर सासूबाई धुण्याची बादली घेऊन आल्या. "एवढीशी? माझं धुणं भिजतं. जरा पुढे घ्या."

"पुढे घेतली की खाली येते, बाई. उतार आहे. डोकं आपटेल."

"मग काय ते बघा. कौलं घालणारे तुम्ही की मी?"

बाबा बडबडत राहिले, पण रात्रभर विचार करून आले आणि वाशांचा उतार खाली थोडा सपाट केला. छप्पर आणखी पुढे आलं. सासूबाईंनी खालून जाऊन बघितलं. "लोंबतंय. माझ्या डोक्यावर पडायचं. खांब नकोत?"

"खांब आले की ती वळचण राहत नाही," बाबा दुखावून म्हणाले. "ती पडवी झाली."

"होऊ दे की."

खांब आले. पडवी झाली. मग सासूबाईंना शेजारचं मांजर आठवलं. ते म्हणे त्या पडवीत येऊन बसतं आणि त्यांच्याकडे बघतं. कंबरेइतकी तरी भिंत हवी. बाबा म्हणाले, "पडवीला भिंत घातली की खोली होते, विहीणबाई. आधी ठरवा तुम्हाला हवंय काय." सासूबाई म्हणाल्या, "मला मांजर नकोय."

इकडे माझा जीव टांगणीला. खोली सोडायचा दिवस जवळ येत चाललेला. एके संध्याकाळी बाबांना घरी सोडायला गेले तर आईचा फोटो भिंतीवरून उतरवून सतरंजीत गुंडाळलेला. वृद्धाश्रमात पलंगही ठरला होता. मी घरी आले ती तरातरा, आणि सासूबाईंवर तुटून पडले. "तुमचं धुणं आणि तुमचं मांजर! माझा बाप तिकडे चाललाय आणि तुम्ही त्याच्याकडून फुकट बांधकाम करून घेताय! लाज वाटत नाही?"

आमचे हे पेला हातात धरून उभेच राहिले. सासूबाईंनी मला पूर्ण बोलू दिलं. मग म्हणाल्या, "झालं? आता ऐक. तुझ्या बापाला ये म्हटलं की येतो का? नाही. आणि चुकलंय म्हटलं की? धावत येतो. इतक्या वर्षांत तुला एवढं कळलं नाही, होय गं? ती कौलं कुणाची? वासे कुणाचे? भिंत कुणी उभी केली? उद्या त्या खोलीत जो राहील, त्याला कुणाच्या वळचणीला राहतोस असं म्हणायची कुणाची हिंमत होणार आहे?"

मी त्यांच्या पाया पडायला वाकले तर म्हणाल्या, "पाया नको पडूस, तोंड बंद ठेव तेवढं. तुला ते जमत नाही म्हणून सांगितलं नव्हतं."

मी तोंड बंद ठेवलं. माझ्या आयुष्यातला अवघड काळ होता तो.

भिंत वर चढत गेली. कंबरेपर्यंतची मांजरासाठी, त्यावरची वाऱ्यासाठी, मग दाराची चौकट, कारण म्हणे चौकटीवाचून ते काहीतरीच दिसतं. बाबा एकेक मागणी ऐकायचे, कुरकुरायचे आणि दुसऱ्या दिवशी बोलघेवड्याला कामाला लावायचे. कुरकुर हळूहळू कमी होत गेली. तेव्हा माझ्या ते ध्यानात आलं नाही.

शेवटी खिडकीची पाळी आली. बोलघेवड्यानं विटा थांबवल्या आणि त्या वर्षातलं आपलं वाक्य खर्च केलं. "खिडकी कुठं धरू?"

सासूबाई घाईघाईनं म्हणाल्या, "खिडकी कसली? अडगळ तर ठेवायची आहे." बाईंचं सोंग चांगलं होतं, पण आवाज कापला जरा.

बाबा त्या खोलीत, आपल्या खुर्चीत बसले होते. वरच्या वाशांकडे बघत होते. मग काठीनं भिंत दाखवली. "इथं धर."

बोलघेवड्यानं हात ठेवला. "अजून खाली," बाबा म्हणाले. त्यानं हात खाली आणला. "अजून."

मला राहवलं नाही. "बाबा, इतक्या खाली? उभं राहून काहीच दिसायचं नाही."

"उभं राहून कुणाला बघायचंय?" बाबा म्हणाले. "पलंगावर पडल्या पडल्या रस्ता दिसला पाहिजे."

बोलघेवड्यानं तिथं विटेच्या तुकड्यानं रेघ ओढली. माझे डोळे भरून आले आणि मी ते वाहू दिले, लपवायचं कुणापासून? सासूबाईंनी पदराला उगाच हात पुसले. मग अगदी हळू आवाजात, मी त्यांच्या तोंडून कधी ऐकला नव्हता अशा आवाजात, त्यांनी विचारलं, "पलंग कुठल्या बाजूला लावायचा, व्याहीबुवा?"

"त्या पलीकडच्या भिंतीला लावा," बाबा म्हणाले. "स्वयंपाकघराच्या बाजूला नको. मला पहाटे खोकला येतो. तुमची झोपमोड होईल."