थोरल्या दिराची फिर्याद

शंका घ्यायची माझी खोड जुनी. दूधवाली हसून बोलली तरी मी आधी दुधात बोट बुडवून बघायची. त्यामुळे धाकट्या भावाने पाट लावून असोद्याची बायको आणली, तेव्हापासून माझा एक डोळा तिच्यावरच होता. पहिल्या नवऱ्याने पंचांसमोर काडी मोडून मोकळं केलं आणि मग तो सुरतेच्या गिरणीत निघून गेला, असं ती सांगायची. सांगायला काय जातं, असं मी मनात म्हणायची.

वर्ष झालं नाही तोच समन्स आलं. त्या नवऱ्याच्या थोरल्या भावाने धुळ्याच्या कोर्टात फिर्याद ठोकली होती, की माझ्या भावाने त्यांच्या घरची लग्नाची बाई फूस लावून नेली. शाबीत झालं तर भावाला तुरुंग. काडी मोडताना हजर असलेल्या पंचांनी एकेक करून हात झटकले. त्यांना कोणी गप्प केलं हे सांगायला ज्योतिषी नको होता.

वकील म्हणाले, पंचांचा नाद सोडा. अशी फिर्याद नवऱ्यानेच करायची. तो परगावी असेल तर फार तर ज्याच्या हवाली त्याने बायको केली असेल, त्याने. नवरा गेल्यावर ती दिराकडे नव्हती, आईकडे होती, एवढं कोर्टात आलं की फिर्याद गेली. "पण ते तिनेच सांगायला हवं," ते म्हणाले.

घोडं तिथेच अडलं. आमच्याकडे बाई थोरल्या दिरासमोर तोंड उघडत नाही. पदर हनुवटीपर्यंत, आणि आवाज त्याच्या कानावर जाता कामा नये. दुसऱ्या घरी पाट लागला तरी ही सवय सुटत नाही. दीर तेवढ्यावरच निर्धास्त होता.

त्यात तारखेच्या दोन दिवस आधी तिची जुनी थोरली जाऊ, त्या दिराचीच बायको, आमच्या देवपुरात आली. पांझरा नदीवर धुणं धुताना दोघी बराच वेळ बोलत होत्या. मी विचारलं तर म्हणे, पोरांची खुशाली सांगत होती. माझा विश्वास बसला नाही. ही फितूर झाली, भाऊ आत जाणार, असंच मी धरून चालले. कोर्टाच्या दिवशी सकाळी ती आंघोळीला गेली तसं मी तिचं गाठोडं सोडलं. आत एक लुगडं, फणी, आणि चिंधीत जपून बांधलेला काडीचा अर्धा तुकडा. मला लाज वाटली, घाईघाईने गाठ मारून ठेवली. तरी मनात आलंच, काडी काय कुठेही मिळते.

कोर्टात दिराने छातीवर हात ठेवून सांगितलं, भावाने सुरतेला जाताना हिला माझ्या हवाली केलं, ही माझ्याच घरी होती. मॅजिस्ट्रेटनी तिला विचारलं, हे खरं का? तेवढ्यात दीर खाकरला. घरात शिरताना बायकांनी आडोशाला व्हावं म्हणून पुरुष खाकरतात, अगदी तसा. सवयीने ती दोन पावलं मागे सरली. भावाने मान खाली घातली. संपलं सगळं, असं मला वाटलं आणि तिचा भयंकर राग आला.

मग तिने पदर मागे सारला आणि सरळ दिराकडे बघितलं.

"मी यायच्या घरी एक दिवस बी राह्यली नही. मले कोनी यायच्या हवाली केलं नही. मी मायच्या घरी व्हती."

या माणसाला फिर्याद करायचा अधिकारच नाही, असं म्हणून मॅजिस्ट्रेटनी ती काढून टाकली.

परत येताना मला भरून आलं होतं. नदी ओलांडताना मी तिचं गाठोडं घ्यायला हात पुढे केला. तिने दिलं नाही.

"अक्का, मी दुहेरी गाठ मारते," ती हळूच म्हणाली. "सकाळी एकेरी व्हती."

आणि तिने पदर खाली ओढला. पुढे माझ्या दुखण्याखुपण्यात तिने सगळं केलं, कशाला कमी पडू दिलं नाही. पण दिरासमोर उघडलेलं तोंड तिने माझ्यासमोर पुन्हा कधी उघडलं नाही.