ऊब अडवणारे काका

घराबाहेर निघालेल्या उबेला हात आडवा धरून थांबवू पाहणारा माणूस जपानातल्या आमच्या साऱ्या निशी-कसाई वस्तीत एकच होता, आणि माझं भाग्य असं, की तो आमच्या वरच्याच मजल्यावर राहत होता. साखर कारखान्याच्या बॉयलरवर उभी हयात काढून काका लेकीकडे राहायला आले होते. कुणाकडेही गेले की चहाआधी उदबत्ती मागत. यजमानांना वाटे, गृहस्थ भाविक आहेत. काका ती पेटवून देव्हाऱ्याकडे पाठ फिरवत आणि खिडकीच्या फटीपाशी धरत. धूर वाकला की म्हणत, "हां, हितनं जातीया." एका सत्यनारायणाला तर ऐन आरतीत त्यांनी गुरुजींना बाजूला सरकवून त्यांच्यामागची फट तपासली होती.

घराचा अंदाज घ्यायची त्यांची रीत अशी, की हीटर बंद करायचा, सगळ्यांनी स्वेटर घालून तासभर गप्प बसायचं आणि पारा किती उतरतो ते पाहायचं. मग खिडक्यांची लांबी-रुंदी वितीने मोजून बोटांवर गुणाकार. आमच्या घराण्यातला पहिला पदवीधर मी. उष्णतावहनाचं सूत्र तालुक्याच्या शाळेत घोकून पाठ केलेलं. पण माझ्याच खिडकीच्या एकेरी काचेतून ते रोज बाहेर पडतंय, हे काकांनी दाखवलं. "काय इंजिनियर, पेपरात लिवलं आन् घरात इसरलं व्हय?"

त्या जानेवारीत मला त्यांची फार गरज होती. मुलगी पाच महिन्यांची. सुजाता, माझी बायको, दिवसभर तिला छातीशी धरून एकाच खोलीत बसायची. हसणं विसरलीच होती. एक दिवस शांतपणे म्हणाली, "तू राहा इथे. मी हिला घेऊन बार्शीला जाते. तिकीट काढ." हे कानावर जाताच शनिवारी सकाळी काका हजर. काचांना बुडबुड्यांचं प्लास्टिक, दाराखाली जुन्या लुगड्याची गुंडाळी, सतरंजीखाली पुठ्ठे. हवा खेळती राहावी म्हणून भिंतीत एक गोल भोक होतं, त्यात त्यांनी माझा मोजा कोंबला.

पारा खरंच उतरेना. त्या आनंदात काकांनी स्वतःच पिठलं करायला घेतलं, आणि "ऊब वढतोय त्यो" म्हणून स्वयंपाकघरातला पंखाही लावू दिला नाही. कारखान्याच्या मापाने मिरच्या तेलात पडल्या. घरभर ठसका! सुजाता मुलीला घेऊन बाल्कनीत धावली. काकांनी खोकत खोकत प्लास्टिक फाडलं आणि सगळ्या खिडक्या सताड उघडल्या.

"काका, अहो, गेली तुमची ऊब!" सुजाता बाल्कनीतून ओरडली.

"जाऊ दे गं तिच्यायला! पोर खोकतीया!"

सुजाता हसू लागली. डोळे पुसत, ठसकत, भिंतीला टेकून हसली. दुपारी मोजा काढून काकांनी प्लास्टिक पुन्हा लावलं. तिकिटाचा विषय त्यानंतर निघाला नाही.

लेकीची बदली झाली तेव्हा काका गावी परतले. आता तिथे एकटेच असतात. आमची मुलगी चार वर्षांची झाली, बोलते सगळं जपानीतच. मे महिन्यात व्हिडिओवर काका बनियनवर घाम पुसत बसलेले दिसले. तिने विचारलं, "सामुकुनाई?"

"काय म्हनतीया पोर?"

"विचारतेय, तुम्हाला थंडी नाही ना वाजत?" मी सांगितलं.

काका हसले.

"न्हाई म्हनावं," ते म्हणाले. "पर लई दिसांत कुनी इचारलं न्हवतं."