सेल लागते का जी?

शहापूरच्या चंद्रकलाबाई धकाते दुकानाची पायरी चढताना दिसल्या की भंडाऱ्याचे दुकानदार घाईघाईनं चहा मागवायचे. बाईंसाठी नव्हे, स्वतःसाठी. पुढचा तासभर आपल्या अंगात त्राण लागणार, हे त्यांना अनुभवानं ठाऊक झालेलं असायचं.

भाव पाडावा तर चंद्रकलाबाईंनीच. भंडारा जिल्हा तोडून गोंदिया वेगळा झाला, त्याच आठवड्यात त्यांनी एका भांडेवाल्याला विचारलं होतं, "जिल्हा अर्धा झाला, मंग तुमचा भाव काहून पुरा?" तो बिचारा हिशेब लावत बसला, आणि त्या गोंधळात स्टीलचा डबा दहा रुपयांनी उतरला. त्यांची रीतही ठरलेली. वस्तू हातात घ्यायची, उलटीपालटी करायची, एक सुस्कारा सोडायचा, ठेवून द्यायची. मग चप्पल घालायला लागायचं. चपलेत अंगठा घालायला त्यांना इतका वेळ लागायचा की तेवढ्यात बहुतेक दुकानदार विरघळायचे. नाहीच कुणी विरघळलं, तर त्या सरळ रस्त्याला लागायच्या आणि मागून "अवो काकू, या ना जी परत" अशी हाक यायचीच. हाक आली नाही असं कधी झालं नव्हतं.

त्यांचे यजमान हिरालाल यांचं शहापुरात हायवेला लागून कापडाचं दुकान. पण त्या दुकानात बाईंना गल्ल्यावर बसायला मनाई होती. एकदा हिरालाल जेवायला गेले असताना बसल्या, तर एक पोरगी लुगड्याचा भाव विचारून गप्प उभी. बाईंनाच राहवलं नाही, गिऱ्हाइकाच्या बाजूनं त्यांनी स्वतःच भाव पाडायला घेतला. लुगडं खरेदीच्याही खाली गेलं. हिरालाल परत आले तेव्हा बाई हसतमुखानं सांगत होत्या, "कमी केले गा थोडे, पन पोरीनं मांगितलंच नवतं."

तर अशा या बाईंना बावन्नाव्या वर्षी व्हिडिओ गेमचं वेड लागलं.

नागपूरची भाची रंजिता दिवाळीला आली, ती हातातला गेम घेऊन. साबणाच्या वडीपेक्षा जरासा मोठा, वर काचेची खिडकी, खाली चार बटणं. वरून विटा पडतात, त्या फिरवून फिरवून नीट बसवायच्या, ओळ पुरी भरली की ओळ गायब. "पाहू व, काय हाय," असं म्हणून बाईंनी तो हातात घेतला आणि दूध उतू गेलं. दुसऱ्या दिवशी वरण करपलं. तिसऱ्या दिवशी रंजितानं हिरालालमामाकडे तक्रार केली की मामी माझा गेम देत नाही. विणकराच्या घरात वाढलेली बाई ती, ओळीला ओळ लागली की तिच्या जिवाला बरं वाटायचंच. भाऊबीज झाली, रंजिता गेली, गेमही गेला. बाईंचे अंगठे मात्र भाजी निवडताना, पोथी ऐकताना, झोपेतसुद्धा आपोआप हलत राहिले.

आपला एक गेम पाहिजे, हे त्यांच्या मनानं पक्कं घेतलं. पण घ्यायचा कसा? घरात लेकरू नव्हतं. झालंच नव्हतं. ते दुःख जुनं, त्यांनी केव्हाच घडी करून तळाशी ठेवून दिलं होतं, आणि एरवी त्यांचं काही अडत नव्हतं. पण लेकरू नसलेल्या बाईनं खेळणं विकत आणलं, तर लोक हसणार नाहीत, हळहळतील. हसण्याला त्यांच्याजवळ उत्तर होतं. कीव मात्र त्यांना फुकट मिळाली तरी नको होती.

म्हणून त्या लाखनीला गेल्या. भंडाऱ्यात कुत्रंसुद्धा त्यांना ओळखायचं, लाखनीत कोणी ओळखत नव्हतं. माहेरच्या बाईला भेटून येते असं घरी सांगितलं आणि सकाळची पहिली एसटी धरली. लाखनीच्या स्टँडसमोर खुशाल नावाच्या माणसाचं दुकान होतं: घड्याळं, टॉर्च, रेडिओ आणि दोरीला टांगलेली प्लास्टिकची खेळणी. खुशाल नुकताच अगरबत्ती ओवाळून बसला होता. दिवसाची बोहनी व्हायची होती.

"या काकू. नातवाले पाह्यजे का?"

"हो जी," बाई म्हणाल्या. म्हणताना जरा अडखळल्या, पण म्हणाल्या.

खुशालनं डबा उघडून गेम पुढं ठेवला. डब्यावर मोठ्या आकड्यात '९९९९ इन वन' छापलेलं. भाव दीडशे.

"याच्यात नऊ हजार नऊशे नव्व्यान्नव गेम हाय काकू!"

"येवढे कोन खेळते?" बाईंनी गेम उलटा केला, सुस्कारा सोडला. "आमाले विटांचा एकच पाह्यजे. बाकीचे तुमी काढून घ्या अना भाव कमी करा."

खुशाल दहा वर्षं धंद्यात होता, पण हे त्याला नवीन होतं. "काकू, ते काढता नाई येत."

"मंग नको असलेल्याचे पैसे आमी काहून द्यावं? वांगे घेतले का कोनी भोपळ्याचे पैसे देते?"

खुशालनं घाम पुसला. भाव हलेना. तेव्हा बाईंना नागपूरच्या साडीवाल्यांची आठवण झाली. तिथं वर्षातून एकदा पाटी लागायची आणि अर्ध्या भावात पैठणी मिळायची. खेळण्यांचंही तसं असेल, तर थांबून घ्यायला काय हरकत? त्यांनी आवाज गोड केला.

"याले सेल लागते का जी?"

"लागते ना काकू. सेलबिगर कसं जमन?"

आमच्या भागातल्या बोलीची ही गंमत आहे. एक असो की दोन, सगळं 'लागते'च. त्यामुळं पुढं जे झालं त्यात दोघांचाही दोष काढता येत नाही.

"किती लागते?"

"दोन."

वर्षाला दोन! बाईंचे डोळे चमकले. नागपूरवाले एकावरच भागवायचे. "मोठे का बारके?"

"बारकेच. मोठे याच्यात बसत नाई."

बाईंनी समजूतदारपणे मान हलवली. कापडवाल्याची बायको ती. एवढ्याशा वस्तूत मोठा सेल परवडत नाही, हे तिला कळायचं. "अन एक डाव लागला का किती दिवस चालते?"

"तीन-चार महिने आरामात. आपला माल चांगला असते."

"आता लागला हाय का?"

"आता नाई. तुमी घेता तं लावून देतो ना. लावाले काय टाइम लागते?"

बाई काउंटरवर पुढं झुकल्या. एकट्या आपल्यासाठी दुकानदार सेल लावतो म्हणतोय! शहापुरात हे सांगितलं तर कोणी खरं मानणार नाही. "लावा मंग जी, लावा!"

खुशालनं पाठ फिरवून गेमशी काहीतरी खुडबूड केली, गेम टुंई करून वाजला, आणि तो प्रसन्न चेहऱ्यानं वळला. "लावला. दीडशे गेमचे, अना सेलचे अठरा वेगळे."

"वेगळे?" बाईंचा आवाज स्टँडपर्यंत गेला. "साऱ्या दुनियेत सेल लागला का भाव उतरते. तुमच्या लाखनीत चढते का?"

"काकू, सेल फुकट कोन देते?"

"फुकट कोन मांगून राहिलं? कमी करा म्हनते मी."

"कमी कसे करू? एकावर चालतच नाई ते!"

"मंग दोन नाई, चार लावा! पन पैसे कमी झाले पाह्यजे!"

"चारची जागाच नाई काकू!" खुशाल रडकुंडीला आला.

बाईंनी गेम काउंटरवर ठेवला, चप्पल घालायला घेतली, अंगठ्याला भरपूर वेळ दिला. खुशाल नुसता पाहत राहिला. मग त्या रस्त्याला लागल्या. हाक आली नाही. स्टँडवर पोचल्या. हाक आली नाही. भंडाऱ्याची गाडी उभी होती, तिच्यात चढल्या, खिडकीशी बसल्या, आणि आयुष्यात पहिल्यांदा त्यांना वाटलं, आपण चुकलो. दीडशे काय, दोनशे दिले असते. पण आता स्वतःच्या पायानं परत जायचं? चंद्रकला धकातेनं?

तेवढ्यात खुशाल धावत आला. हाक मारायला विसरला होता बिचारा, इतका चक्रावला होता; पण पहिलं गिऱ्हाईक रिकाम्या हातानं गेलं हे ध्यानात येताच उठून पळत सुटला. त्यानं खिडकीतून गेम बाईंच्या हातात कोंबला. "बोहनी नका मोडू जी. चालवून तं पाहा, मंग बोला."

गेम चालू होता. वरून वीट पडत होती. आता वीट पडत असताना माणूस बोलेल की वीट बसवेल? ड्रायव्हरनं गाडी सुरू केली.

"काकू! पैसे!"

"थांबा जी, ओळ भरून राहिली!"

गाडी निघाली. खुशाल धुळीत उभा.

बाईंना याचा पत्ताच नव्हता. कंडक्टरनं तिकीट मागितलं, त्यांनी मान वर न करता नोट दिली आणि उरलेले पैसे न मोजता पिशवीत टाकले. हे त्यांच्या हातून आजवर घडलं नव्हतं. गडेगाव गेलं, आणखी गावं गेली. विटा भराभर पडत होत्या, ओळी भराभर उडत होत्या, शेजारच्या बाईची कोंबडी पायांशी ओरडत होती आणि चंद्रकलाबाई आनंदानं पुटपुटत होत्या, "ये, ये, उभी ये, उभी ये ना व बाई!"

कारध्याच्या गतिरोधकावर गाडी उसळली. गेमच्या पाठीचं झाकण उडालं, आतून काहीतरी टपटप पडलं आणि सीटांखालून गडगडत पुढं गेलं. गेमची खिडकी विझली. "अवो, थांबवा! माझं गेलं ना सारं!" बाई ओरडल्या. अर्धी गाडी खाली वाकली. शेवटी कंडक्टरनं हात वर केला.

"घ्या काकू तुमचे सेल."

"काय?"

"सेल. दोनच होते ना?"

बाईंनी त्याच्या तळहातावरच्या दोन बारीक कांड्यांकडे पाहिलं. "दोन," त्या हळूच म्हणाल्या. "बारके. मोठे बसत नाई." आणि त्यांना हसू फुटलं. साधं नव्हे, पदर तोंडात कोंबला तरी आवरेना, डोळ्यांतून पाणी, पोटात कळ. "चारची जागा नाई म्हने!" कंडक्टरला काही कळलं नाही, पण तोही हसू लागला. कोंबडीवाली हसली. सगळी गाडी कशाला हसतेय हे कोणालाच माहीत नव्हतं.

हसता हसता त्या एकदम थांबल्या. पैसे! गेम हातात आहे आणि पैसे दिलेच नाहीत. त्यांनी जन्मभर भाव पाडले होते, पण कोणाची वस्तू फुकट उचलली नव्हती. "उतरवा मले," त्या म्हणाल्या, आणि समोर वैनगंगेचा पूल आणि पलीकडे भंडारा असताना त्या कारध्यालाच उतरल्या.

परतीच्या गाडीत त्यांनी सेल पिशवीच्या एका खणात ठेवले आणि गेम दुसऱ्यात. पैसे दिल्याशिवाय खेळायचं नाही म्हणून. अंगठ्यांना ते फार जड गेलं.

दुकानात खुशाल कपाळाला हात लावून बसला होता. बाईंना पाहून तो उभाच राहिला. बाईंनी कांड्या काउंटरवर ठेवल्या आणि सगळा घोळ सांगितला. कोणता सेल, कसला सेल, नागपूरची पैठणी, सगळं. खुशालला समजायला जरा वेळ लागला. समजलं तेव्हा तो काउंटरवर डोकं ठेवून हसला. त्याच्या हातानं एक टॉर्च खाली पडला तरी हसत राहिला.

"काकू, पैसे द्याले कारध्यावरून परत आल्या तुमी," डोळे पुसत तो म्हणाला. "आता माझं ऐका. शंभर द्या. सेल माझ्याकडून. नातवाले सांगा, लाखनीच्या मामानं देल्ला."

न मागता, न सुस्कारता, चप्पल न घालता भाव एकदम पन्नासनं उतरला होता. असा सौदा बाईंना जन्मात जमला नव्हता. शंभराची नोट त्यांनी बाहेरही काढली. पण ती पुढं करवेना. हा माणूस भाव ज्याच्यासाठी उतरवत होता, तो नातू कुठंच नव्हता. त्याच्या नावानं पन्नास रुपये वाचवायचे, हे त्यांच्या घशाखाली उतरेना.

"नातू नाई मले," त्या म्हणाल्या. "लेकरूच झालं नाई. गेम मलेच पाह्यजे." आणि त्यांनी पूर्ण दीडशे अन वर अठरा काउंटरवर ठेवले.

खुशालनं पैशांकडे पाहिलं, मग बाईंकडे. आता तो हळहळेल, 'अरेरे' म्हणेल, म्हणून बाईंनी दात आवळून धरले.

खुशालनं पैसे उचलले, गल्ल्यात टाकले. मग काउंटरवरून पुढं झुकून त्यानं विचारलं, "मंग बसमधी किती झाले पॉइंट?"

"काय?"

"पॉइंट, काकू. किती केले?"

बाईंनी आकडा सांगितला.

"खोटं!" खुशाल ओरडला. "दोन वर्षं झाले मी दिवसभर इथंच खेळून राहिलो, माझे तेवढे कधी झाले नाई. बसा, दाखवा मले."

चंद्रकलाबाईंनी त्याच्याकडे पाहिलं. त्याच्या तोंडावर दुसरं काहीच नव्हतं, निव्वळ जळफळाट होता. त्यांना इतकं बरं वाटलं की सांगता येत नाही. त्यांनी स्टूल ओढलं, सेल स्वतःच्या हातानं बसवले, आणि दोघांचं सुरू झालं. खुशाल हरला की बाईंची पाळी, बाई हरल्या की खुशालची; पण बाई लवकर हरतच नव्हत्या आणि खुशाल कटकट करत होता. शहापूरकडची एक गाडी गेली. दुसरी गेली.

टॉर्च घ्यायला एक म्हातारे गृहस्थ आले. कोणी लक्ष देईना, तेव्हा ते बाईंच्या खांद्यावरून वाकून पाहू लागले.

"नातवाले घेतला का, बाई?"

"नाई जी, माझाच हाय," चंद्रकलाबाई मान वर न करता म्हणाल्या. "जरा सरका, उजेड येऊ द्या."