जवसाच्या तेलातला सोडियम

सक्करदऱ्याच्या आमच्या शाळेत प्रयोगशाळा होती. म्हणजे एक कपाट होतं. कपाटाला कुलूप होतं, किल्ली भोयर सरांच्या करगोट्याला होती, आणि त्यामुळे विज्ञान अतिशय सुरक्षित होतं.

चंपतराव भोयर मूळचे पारशिवनीकडचे. घरची शेती भावानं घेतली, यांच्या वाट्याला मूलद्रव्यं आली. सरांचे सगळे प्रयोग एका शब्दावर व्हायचे. समजा. समजा हे पाणी. समजा हा सोडियम. समजा मी टाकला. मग चष्मा कपाळावर चढवून, मान गरागरा फिरवत सर सांगायचे की आता तो पाण्यावर कसा पळून राहिला, जाळ कसा पिवळा निघून राहिला, मागं सरका बे, डोळ्यात जाईन. मागच्या बाकावरचे पोट्टे खरंच मागे सरकायचे. कोणाचं बोट भाजलं नाही, एक परीक्षानळी फुटली नाही. इतकं बिनखर्ची विज्ञान जगात दुसरीकडे नसेल.

सांगायचे मात्र झकास. कोण्या जर्मन माणसानं सोन्याच्या लालचीनं मुताच्या घागरीच्या घागरी आटवल्या न त्याले भेटला अंधारात चमकणारा फॉस्फरस, हे ऐकून वर्ग आठवडाभर घागर दिसली की हसायचा. हेलियम पहिले सूर्यात दिसला, मग पृथ्वीवर सापडला. म्हणजे आपल्या मोहल्ल्यातला माणूस पहिले बंबईत दिसावा न मग घरी, तसं. मँगनीजशिवाय पोलाद म्हणजे नुसता पापड, न तो मँगनीज मनसरच्या खाणीत आपल्या पायाखाली लोळून राहिला, तुम्हाले किंमत नाही.

पण सरांचा जीव सोडियमच्या बाटलीत. हवा लागू नये म्हणून सोडियम आत मातीच्या तेलात, म्हणजे रॉकेलमध्ये, बुडवलेला. बाटली शाळेत आली तेव्हापासून तिचं बूच उघडलं नव्हतं. दसऱ्याला कपाटातून निघायची, हळदकुंकू लावून घ्यायची, आपट्याच्या पानांसकट परत आत जायची. एकदा आमच्या वर्गातल्या मुकुंदनं विचारलं, सर, दाखवत काहून नाही? सर त्याच्याकडे असे पाहत राहिले की जणू त्यानं बाटलीची सोयरीक मागितली. "दाखवला तं संपून जाईन ना गा."

त्र्याहत्तरच्या टंचाईत मातीचं तेल मिळेनासं झालं. राशनच्या दुकानापुढे रिकाम्या डब्यांची रांग, माणसं सावलीत. त्यातच दिवाळीला पारशिवनीहून सरांचे पाहुणे आले, आणि सरांच्या बायकोचा, गोपिकाकाकूंचा, स्टोव्ह थंड. पुढची हकीगत काकूंनीच नंतर अख्ख्या मोहल्ल्याला ऐकवली, म्हणून खरी. काकू म्हणाल्या, "तुमच्या त्या सोडियमले आंघोळीले तेल पाहिजे, न माह्या स्टोव्हले नाही?"

सर करगोट्याची किल्ली चाचपत शाळेत गेले. सरांनी बाटलीतलं मातीचं तेल घरी आणलं. पाहुण्यांचा चहा झाला. पण सोडियम उघडा ठेवता येत नाही, हवा लागली की गेला, हे सर वीस वर्षं पोट्ट्यांकडून घोकून घेत होते. पाणी घालणं तर दूरच. मग त्यांनी काकूंच्या फोडणीच्या बरणीतलं जवसाचं तेल बाटलीत ओतलं. तेल ते तेल. हवा नाही लागली पाहिजे, बस.

फेब्रुवारीत शाळेची तपासणी निघाली. पर्यवेक्षकाची खुर्ची रिकामी होती आणि दावेदार दोन: भोयर सर, आणि कवायतीचे गिरिधर सर, जे चहासुद्धा 'सावधान'मध्ये प्यायचे. हेडमास्तरांनी भोयर सरांना स्पष्ट सांगितलं की साहेब प्रयोग पाहतील, तो खरा झाला पाहिजे, आणि खुर्ची त्याच्यावर आहे. काकूंनी तर 'सुपरवायझरीणबाई' म्हटल्यावर ओ द्यायची प्रॅक्टिससुद्धा सुरू केली होती.

साहेब आले. जन्मभर संस्कृत शिकवून या पदाला पोहोचलेले. खोकायचे तेही संधी सोडवून. सरांनी बूच काढलं आणि वर्गात वरणाच्या फोडणीचा वास सुटला. चिमट्यात आला तो एक पिवळट, बुळबुळीत गोळा. सरांचा चेहरा उतरला. तरी त्यांनी बाहेरचा एक तुकडा तोडून पाण्यात टाकला.

तुकडा पळाला नाही. पेटला नाही. बुडाला, विरघळू लागला, आणि सरांनी काचेच्या कांडीनं ढवळलं तसा वर छान पांढरा फेस आला. जवसाच्या तेलानं आणि सोडियमनं तीन-चार महिने बाटलीत संसार करून साबण केला होता.

साहेब मात्र खूश. "अतीव शुभ्र फेन! साधु, साधु." मग मुकुंदला उभं करून विचारलं, सांग बाळ, सोडियमचा गुणधर्म कोणता? मुकुंदनं सरांकडे पाहिलं, फेसाकडे पाहिलं, आणि साहेबांना पाहिजे ते दिलं. "फेस येते, सर."

साहेबांनी पेन उघडलं. दारातून हेडमास्तर मान हलवून खुणावत होते. सरांना करायचं होतं ते एवढंच, काही करायचं नव्हतं.

"चूक आहे, साहेब," भोयर सर म्हणाले.

"काय चूक?"

"पोट्ट्याचं उत्तर. हा साबण होय. सोडियम पेटते."

"मग हा का नाही पेटला?"

"त्याचं मातीचं तेल मी घरी नेलं, चहाले. न यात जवसाचं टाकलं."

साहेबांनी पेनाचं टोपण लावलं. अशा प्रसंगाला सुभाषित सापडेना, म्हणून नुसतेच उठले. हेडमास्तर त्यांना जेवायला घेऊन गेले.

सरांनी तो गोळा टेबलावर ठेवला. मग चाकू घेऊन आतपर्यंत कापत गेले. मध्यभागी वाटाण्याएवढं काहीतरी चकाकलं. सरांनी पाण्यावर टीपकागद तरंगवला, वाटाणा त्याच्यावर ठेवला आणि आम्हाला भिंतीपर्यंत रेटलं. सर्रकन आवाज झाला, पिवळा जाळ भडकला, फट् झालं, संपलं. आम्ही ओरडलो. सरांचं तोंड आमच्यापेक्षा जास्त उघडं होतं. त्यांनीही तो जाळ पहिल्यांदाच पाहिला होता.

खुर्ची गिरिधर सरांना मिळाली. काकू सरांशी चार दिवस बोलल्या नाहीत, बाकी मोहल्ल्याशी दुप्पट बोलल्या. नव्या पर्यवेक्षकांपुढे पहिले जाऊन उभे राहिले ते भोयर सरच. अभिनंदनाला नाही, सोडियमची नवी बाटली मागायला.

गिरिधर सर खुर्चीतल्या खुर्चीत ताठ झाले. "हे किती वर्षं पुरवसान?"

"वर्षं कायची," भोयर सर म्हणाले. "होळीपर्यंत संपवतो."