डोमकावळा साहेब आणि उखर्डू राजा

एक कबूल करा, हसायचं ते शेवटी. मध्येच हसलात तर मी बोलायचा थांबतो, आणि मी थांबलो की चहा निवतो. शाळेचं तोंड मी पाहिलेलं नाही. मी सांगतोय आणि सूनबाई लिहून घेतेय. ती आत्तापासूनच तोंडाला पदर लावून बसली आहे. बसेल नाही तर काय? माझ्या आयुष्यातली सगळ्यात मोठी फजिती तिच्या डोळ्यांदेखत झाली!

तर माझं नाव उखर्डू. सरळ अर्थ सांगतो, लाजून काय उपयोग? उकिरड्यावरचा.

आमच्या खानदेशात एखाद्या माउलीची लेकरं जगत नसली की पुढच्या लेकराला असं नाव ठेवत. दगडू, धोंडू, भिका, कचरू. यमाला वाटावं, हे कसलं पोर? कचरा आहे, राहू दे इथंच! माझ्या आधीची तीन गेली. मी झालो तेव्हा आईनं मला नेऊन उकिरड्यावर ठेवलं. शेजारणीनं उचललं आणि आईनं सूपभर कोंडा देऊन मला तिच्याकडून परत विकत घेतलं. नाव पडलं उखर्डू. यम फसला म्हणायचा, कारण मी अजून तुमच्यासमोर बसलोय.

पण नावानं यमाला फसवलं तरी माणसांना कुठं फसवता येतं? सुरतेला आलो, उधन्याच्या मिलमध्ये मागांना तेल घालायला लागलो. तिथल्या गुजराती माणसांच्या भाषेतही उकिरड्याला उकरडोच म्हणतात! म्हणजे गाव सुटलं, नाव नाही सुटलं. हजेरीच्या वेळी कोणी हाक मारली की पाच-सहा जण तरी नाक दाबायचे.

ही गोष्ट नव्वद सालानंतरची. मालकांनी बिनधोट्याचे नवे माग आणले. आडवा दोरा घेऊन इकडून तिकडे पळणारा धोटा नाही, खटखट नाही, आणि कापड मात्र झराझरा! ते बसवायला एक गोरा साहेब आला. ताडासारखा उंच, तांबूस केस, आणि उन्हानं नाक सोललेलं. मी तेलाची झारी घेऊन त्याच्या मागे मागे. आमचा सुपरवायझर परेशभाई त्याचं इंग्रजी आम्हाला हिंदीत करून सांगायचा.

मला वाटायचं, गोरा म्हणजे इंग्रज. एकदा तसं बोललो, तर परेशभाईनं सांगितल्यावर साहेबानं दोन्ही हात हलवून नाही नाही केलं. तो आयर्लंडचा. त्यांच्यावरही म्हणे इंग्रजांचंच राज्य होतं, आपल्यापेक्षा जास्त वर्षं. मी झारी खाली ठेवली. गोऱ्यावर गोऱ्याचं राज्य? हे मला नवीनच होतं.

त्याचं नाव फीआख्रा. मधला तो ख घशातून यायचा, खाकरल्यासारखा. आमच्यापैकी कोणाला जमेना. साहेब हसून म्हणायचा, माझ्या देशातही हे नाव कमीच, आणि निम्मे लोक चुकीचं बोलतात.

एक दिवस चहाच्या सुट्टीत मिलच्या भिंतीवर कावळा येऊन बसला. साहेबानं त्याच्याकडे बोट केलं, मग स्वतःच्या छातीकडे, आणि दोन्ही हात लांब करून काहीतरी सांगितलं.

परेशभाई म्हणाला, "काका, साहेब के नाम का मतलब मालूम? ये जो बैठा है ना, उसका बडा भाई. डोमकावळा!"

सगळे खो खो हसले. मी मात्र नाही हसलो. मला एकदम गलबलून आलं.

तुम्हीच सांगा, कोणते आईबाप हौसेनं पोराला डोमकावळा म्हणतील? माझ्या डोक्यात लख्ख उजेड पडला. याच्याही आधीची गेली असणार! याच्याही आईनं पदर पसरला असणार! सातासमुद्रापलीकडे, बर्फाच्या मुलखात, तिथंही आया यमाला अशाच फसवतात! मला त्या माणसाकडे बघवेना. एवढा मोठा इंजिनेर, आणि आतून माझ्यासारखाच, सूपभर कोंड्याला विकत घेतलेला.

त्या दिवशी मी माझ्या चहातला अर्धा चहा त्याच्या पेल्यात ओतला. त्याला काही कळलं नाही. बिचारा प्यायला.

आता हे ज्ञान मी पोटात ठेवलं असतं तर पुढचं रामायण घडलं नसतं. पण त्या वेळी आमच्या बमरोलीच्या खोलीत एका नावावरूनच आग लागली होती.

सूनबाई बाळंत झाली होती. मुलगा झाला होता. त्याच्या आधीचं बाळ तीन महिन्यांचं होऊन गेलं होतं. आमची म्हातारी, म्हणजे माझी बायको शेवंताबाई, हटून बसली, "पोराचं नाव दगडूच ठेवायचं."

सूनबाई दहावी शिकलेली. ती म्हणे, "आई, शाळेत पोरं दगडू दगडू म्हणून मारतील त्याला. मी मयूर ठेवणार."

"मयूर म्हणे! मोराले सगळं जग पाहास. नजर लागी जाई!"

"आणि दगडाला?"

"दगडाले कोन पाहास वं?"

दोघी रडायच्या. म्हातारी भीतीनं, सून रागानं. आणि माझा मुलगा? तो दारात चपला शोधत बसायचा. मला दोघींचं पटायचं. गेलेलं पोर माझ्याही मांडीवर खेळलं होतं. पण भीती मोठी असते बघा, तिच्यापुढे शहाणपण टिकत नाही. मी म्हातारीच्या बाजूला गेलो.

आणि आता तर माझ्या हातात विलायती पुरावा होता!

घरी येऊन सांगितलं, "सूनबाई, तू अडाणीपणा म्हणतेस ना? अगं, विलायतेतसुद्धा ठेवतात! आमच्या साहेबाचं नाव डोमकावळा आहे. बघ, जगला की नाही? कसा ताडासारखा वाढलाय!"

म्हातारीनं कपाळाला हात लावला. "अगं माय! त्यान्या मायनी कितलं सोसं व्हई!" आणि न पाहिलेल्या त्या बाईसाठी डोळे पुसायला लागली.

सून म्हणाली, "आबा, तुम्ही विचारलंत का त्यांना?"

"विचारायचं काय त्यात? असल्या गोष्टी माणसाच्या तोंडावर विचारतात का?"

"मग बारशाला बोलवा त्यांना. त्यांच्या तोंडून ऐकलं तर दगडू ठेवा, मी एक शब्द बोलणार नाही."

मी छाती ठोकून म्हणालो, "ठरलं!"

झालं. बाराव्या दिवशी साहेब आणि परेशभाई आमच्या चाळीत हजर. साहेब दारात वाकला तरी डोकं चौकटीवर आपटलंच. आख्खी चाळ गोळा झालेली. म्हातारीनं सगळी तयारी केली होती, सूप, सुपात कोंडा, आणि पाच घरांतून मागून आणलेल्या चिंध्यांचं झबलं. पण तिनं आणखीही एक केलं होतं, ते मला ठाऊक नव्हतं. उरलेल्या चिंध्यांची तिनं एक टोपी शिवली होती. मोठी. साहेबाच्या मापाची!

"बिचाऱ्याची माय लांब शे," असं म्हणून तिनं ती त्याच्या तांबड्या केसांवर बसवली. मग सूप त्याच्यावरून तीनदा ओवाळलं. कोंडा त्याच्या पापण्यांवर, मिशांत, सगळीकडे. साहेब हात जोडून गप्प बसलेला. त्याला वाटलं असेल, पाहुण्याला असंच करत असतील.

मग म्हातारी त्याच्यासमोर बसली, त्याच्या हातावर हात ठेवला आणि विचारलं, "बाबा, तुझ्या आधीची किती गेली?"

परेशभाईनं माझ्याकडे बघितलं. मी मान हलवली, विचार विचार. त्यानं विचारलं.

साहेब गोंधळला. पुन्हा विचारायला लावलं. मग त्यानं बोटं मोजायला सुरुवात केली. एक, दोन, तीन… म्हातारीचा ऊर भरून आला. चार, पाच, सहा… शेजारच्या बाया चुकचुकल्या.

परेशभाई म्हणाला, "साहेब म्हणतात, ते सगळ्यात मोठे. त्यांच्या आधी कोणीच नाही. पाठचे सहा. सगळे ठणठणीत."

बाहेर कावळा ओरडला, तो सगळ्यांनी ऐकला.

सूनबाईनं फक्त माझ्याकडे बघितलं. बोलली असती तर बरं झालं असतं.

मी चाचरत विचारलं, "मग… मग हे नाव का?"

तेव्हा साहेब बोलायला लागला. चिंध्यांची टोपी डोक्यावर तशीच. थोडं थोडं बोलायचा, परेशभाई सांगायचा, आणि आम्ही सगळे, खरं सांगतो, तोंड उघडं टाकून ऐकत राहिलो.

तो म्हणाला, हे नाव हजार वर्षांहून जुनं आहे. त्यांच्याकडे डोमकावळा म्हणजे अशुभ नाही, फार शहाणा पक्षी. लढाईच्या आधी योद्धे त्याच्याकडे बघायचे. जुन्या कथांत या नावाचे राजपुत्र आहेत. याच नावाचा एक साधू होऊन गेला, कुदळ घेऊन बाग फुलवणारा, आणि अजून तिकडचे माळी त्याला आपला संत मानतात. म्हातारी पुटपुटली, आपल्याकडेही माळी संत झाला की!

मग साहेबाचा आवाज उतरला. हे नाव त्याच्या आजोबांचं. पण तेव्हा राज्य इंग्रजांचं. दप्तरात कारकुनानं ते लिहिलंच नाही, त्याच्या जिभेला सोयीचं एक इंग्रजी नाव लिहिलं. आजोबा जन्मभर त्या नावानं सही करत राहिले. मेल्यावर थडग्याच्या दगडावरही तेच परकं नाव. घरात मात्र आजी त्यांना खऱ्या नावानं हाक मारायची. दार लावून.

"म्हणून मी झालो तेव्हा माझ्या वडिलांनी ते नाव परत आणलं," साहेब म्हणाला. "मी ते फक्त सांभाळतोय. ते आजोबांचं आहे."

नाव म्हणजे काय काय असतं हो! मला वाटलं होतं, नाव म्हणजे यमाच्या डोळ्यांत फेकायची धूळ. आणि इथं एक माणूस देवघरातल्या समईसारखं नाव जपत हजारो कोसांवरून आला होता, आणि आम्ही त्याच्यावर कोंडा उधळला होता.

एवढ्यावर थांबलं असतं तरी चाललं असतं. पण साहेबानं खिशातून वही काढली आणि माझ्याकडे वळून अगदी आदरानं काहीतरी विचारलं.

परेशभाई म्हणाला, "काका, त्यांची बायको पोटुशी आहे. ते नावं गोळा करतायत. विचारतायत, तुमच्या नावाचा अर्थ काय? किती जुनं आहे?"

मेलो!

समोर हजार वर्षांचं नाव. राजपुत्र, साधू, आजोबांचा दगड. आणि मी काय सांगू? उकिरडा? आख्खी चाळ माझ्याकडे बघतेय. आणि माझ्या तोंडून, देवाशप्पथ, हळूच निघालं, "परेशभाई, सांगा… राजा."

परेशभाई गुजराती माणूस. उकरडो म्हणजे काय हे त्याला माहीत नव्हतं होय? त्याच्या मिशा थरथरल्या. पण माणूस मोठ्या मनाचा. साहेबाकडे वळून सरळ चेहऱ्यानं म्हणाला, "किंग."

साहेबाचे डोळे चमकले. तो उठला, डोकं छताच्या पत्र्यावर आपटलं, तरी त्यानं माझा हात दोन्ही हातांत धरला. काहीतरी विचारलं. परेशभाईनं माझ्याकडे न बघताच उत्तर दिलं आणि मला सांगितलं, "विचारत होते, किती जुना राजा. मी सांगितलं, तुमच्यापेक्षाही जुना."

साहेबानं वहीत माझं नाव लिहून घेतलं. एकेक अक्षर विचारून.

चाळीला इंग्रजी येत नव्हतं, म्हणून मी वाचलो. एकच जण वाचू देणार नव्हती. दहावी शिकलेली! ती बाळाला घेऊन पुढे आली आणि गोड आवाजात म्हणाली, "आबा, तुम्ही राजा, हे मला माहीतच नव्हतं. मग राजाच्या नातवाचं नाव दगडू कसं ठेवायचं?"

मी म्हणालो, "मयूर ठेव."

म्हातारी दोन दिवस माझ्याशी बोलली नाही. पण पाळण्याच्या गादीखाली तिनं एक चिंधी सरकवलीच. सुनेनं ती पाहिली आणि काढली नाही. मयूर वाढला, शाळेत गेला, आता माझ्यापेक्षा उंच आहे.

इथं संपलं असं वाटलं ना? मलाही वाटलं होतं.

वर्षभरानं मिलच्या पत्त्यावर आयर्लंडहून पत्र आलं. आत फोटो, तांबड्या जावळाचं गुटगुटीत बाळ. परेशभाई वाचता वाचता मागाला टेकून खालीच बसला.

"काका," तो म्हणाला, "साहेबाला मुलगा झाला. त्याच्या नावातलं दुसरं नाव… उखर्डू आहे."

"काय?"

"पाद्रीबाबांनी अर्थ विचारला, तर साहेबानं सांगितलं, हिंदुस्थानातल्या एका फार प्राचीन राजाचं नाव आहे. चर्चमधले सगळे लोक उभे राहिले म्हणे."

मी घरी येऊन फोटो म्हातारीच्या हातात दिला आणि सगळं कबूल केलं. मला वाटलं रागावेल. तिनं फोटोवरून बोटं ओवाळून कानशिलावर मोडली आणि शांतपणे म्हणाली, "बरं झालं. आता त्या पोराला यम शिवत नाही."

तिचं काय जातं हो? रात्रंदिवस घोर मला! तेव्हापासून आमच्या गल्लीतलं कोणी पोर नोकरीला परदेशी निघालं की मी विचारतो, कुठं रे? दुबई म्हणालं तर आशीर्वाद देतो. अमेरिका म्हणालं तरी देतो. पण आयर्लंड म्हणालं की त्याचे हात धरतो आणि सांगतो, "बाबा रे, तिथं तांबड्या केसांचा कोणी उखर्डू भेटला, तर एवढंच कर. वाकून मुजरा कर, आणि अर्थ विचारला तर सांग, आम्ही अडाणी, आम्हाला ठाऊक नाही!"