पोटरीवरची रेघ

धारवाडच्या जयलक्ष्मीबाई निवृत्त शिक्षिका. एकाच घरात राहणाऱ्या धाकट्या जावेचा, भाग्यलक्ष्मीचा, त्यांना पहिल्यापासून हेवा. सासूबाई आमटीची चव भाग्यालाच विचारायच्या. शेजारणी साडी घ्यायला तिलाच सोबत न्यायच्या. पुढे दोघींनाही मधुमेह झाला, तेव्हा जयलक्ष्मीबाईंना मनातून जरा बरंच वाटलं होतं.

पायांच्या तपासणीलाही दोघी बरोबरच गेल्या. डॉक्टर नेत्रा यांनी भाग्याला डोळे मिटायला सांगितले आणि नायलॉनचा ताठ दोरा तळव्याला टेकवला. “लागलं की सांगा.” भाग्या दर वेळी बरोबर “हो” म्हणाली.

जयलक्ष्मीबाईंची पाळी आली. त्यांना काहीच कळेना. जावेपुढे तसं सांगणं जिवावर आलं. अंदाजानं त्या “हो” म्हणाल्या. पुन्हा “हो.”

“बाई, आत्ता मी दोरा लावलाच नव्हता,” डॉक्टर हळू आवाजात म्हणाल्या.

भाग्या खिडकीबाहेर बघत राहिली. डॉक्टरांनी दोरा घोट्यापासून वर वर टेकवत नेला. पोटरीच्या मध्यावर पहिल्यांदा खरोखर लागलं. तिथं त्यांनी पेनानं रेघ मारली. “कमरेतून निघालेल्या नसा मांडीतून, पोटरीतून अंगठ्यापर्यंत जातात. शरीरातल्या सगळ्यांत लांब याच. साखर वाढली की टोकापासून निकामी होत येतात, मोजा चढावा तशा. आता उघड्या चपला नकोत. तळवे रोज बघा.”

परतताना सुभाष रोडवर भाग्यानं नाजूक पट्ट्यांच्या चपला घेतल्या. जयलक्ष्मीबाईंनीही हट्टानं तशाच घेतल्या.

पुढच्याच आठवड्यात त्या हळदीकुंकवाहून परतल्या, आणि भाग्याला फरशीवर लाल ठसे दिसले.

“अक्का, थांबा. पाय बघू.”

नव्या चपलेतून वर आलेला खिळा चालताना तळव्यात रुतला होता. भाग्यानं पाय मांडीवर घेऊन जखम धुतली.

“दुखत नाही?”

“तुला दुखलं असतं.”

“मी तर गल्ली गोळा केली असती की.”

जयलक्ष्मीबाईंना त्या दुखण्याचाही हेवा वाटला.

जखम भरायला फार दिवस गेले. आता रोज सकाळी अंघोळीनंतर त्या पाय पुढे करतात आणि भाग्या तळवे निरखते. पण उंबऱ्याला ठेच लागून ती “आई गं” म्हणाली, की त्यांचा जीव अजून जळतो.