तोम्माची शुद्ध जर्मन

आमच्या बंदरावर छोटी कोळंबी विकणारी तोम्मा उब्बेन बोलायला लागली की धक्क्यावरचे बगळेसुद्धा उडतात. माझी पावाची टपरी तिच्या शेजारीच, म्हणून मला सवय झालीय. टीव्हीवाल्यांना ओस्टफ्रीसलांडचं, म्हणजे आमच्या या उत्तर जर्मन किनाऱ्याचं ‘खरंखुरं माणूस’ हवं होतं, तेव्हा तिचंच नाव पुढे आलं.

कलोन शहरातून मातेर्न नावाचा दिग्दर्शक आला. त्यानं झालरीची पांढरी टोपी पुढे केली.

“हे काय?” तोम्मानं विचारलं.

“तुमचा पारंपरिक पोशाख.”

“माझी आजी जन्मभर रबरी बुटांत वावरली. तिला कुठली आली टोपी?”

टोपी डब्यात परत गेली. मग चहाचं चित्रीकरण सुरू झालं. कपात खडीसाखर, वर चहा, कडेनं अलगद साय. मातेर्न म्हणाला, “जरा ढवळा ना, छान दिसेल.”

“ढवळायचं नसतं.”

“मग चमचा कशाला?”

“प्या तुम्ही. कळेल.”

पुरे झालं की चमचा कपात ठेवायचा, हे त्याला कुणीच सांगितलं नाही. तो बिचारा कप रिकामा करी, तोम्मा भरी. शेवटी तो उठून पळाला आणि कॅमेरावाले स्वच्छतागृहाच्या दाराकडे बघत बसले.

कार्यक्रम लागला त्या दिवशी सगळं गाव खानावळीत जमलं. तोम्मा निळं स्वेटर घालून पुढच्या बाकावर. चारचौघांत हसं होऊ नये म्हणून ती कॅमेऱ्यासमोर गावची बोली सोडून, शाळेत बाईंनी घोटून घेतलेली शुद्ध जर्मन बोलली होती. पडद्यावर ती झळकली, टाळ्या पडल्या. तेवढ्यात तिचा नवरा हायो पुढे वाकला.

“अगं, पडद्यावर तुझ्याखाली भाषांतर येतंय.”

“कुठल्या भाषेत?”

“जर्मनमध्येच.”

खानावळ हसून हसून लोळायची बाकी राहिली. तोम्मा मात्र हसली नाही. बिअर तशीच ठेवून घरी गेली. दुसऱ्या दिवशी टपरीवर आली, पण आवाज नाही. बगळे निवांत. मला भलतंच सुनं वाटलं.

दुपारी तिनं माझ्यासमोरच मातेर्नला फोन लावला.

“मी शुद्ध बोलत होते!”

“माफ करा बाई, आम्हाला वाटलं, हीच तुमची बोली.”

“बोली? थांबा, ऐकवते.”

आणि तिनं बोलीत त्याचा, त्या टोपीचा आणि सगळ्या कलोनचा जो उद्धार केला, तो ऐकून मी पाव मोजायचे विसरले. मग मातेर्न म्हणाला, “एक अक्षर कळलं नाही. दर शनिवारी टीव्हीवर याल का?”

आता दर शनिवारी ती हवामान सांगते, अस्सल बोलीत, भाषांतराशिवाय. तशी तिची अटच होती. घरी मुलांशी बोली बोलायला लाजणारे आमचे शिक्षकही परवा टपरीवर तिच्यासारखंच “वारा आज तिरसट आहे” म्हणाले. लांबून पाहुणे येतात, तिच्याबरोबर फोटो मागतात. ती त्यांच्यासमोर कोळंबीची टोपली सरकवते. म्हणते, “आधी सोला.”